पांढऱ्यावर पांढरं

अबिकेचं दुर्दैव असं की तिला तक्त्यावरची अक्षरं वाचता येत होती. दवाखान्याच्या भिंतीवरच्या तक्त्याची शेवटून दुसरी ओळसुद्धा तिने तिसऱ्या खेपेला घडाघडा वाचली आणि तिथेच फसली. नर्स म्हणाली, "आजी, एवढी नजर माझीही नाही. मोतीबिंदू आहे, पण कच्चा. वर्षभराने या." अबिकेला वाटलं, तो तक्ता भिंतीवरून ओढून काढावा. पांढऱ्या कागदावरचं काळं कुळकुळीत अक्षर कुणालाही दिसेल. तिला जन्मात काळ्या अक्षरांशी काम पडलं होतं कितीसं?

तिचं काम पांढऱ्यावर पांढरं. अबेओकुटा शहरात इतोकू बाजाराच्या मागे चाळीस वर्षं ती पांढऱ्या कापडावर कसावा या कंदाच्या पिठाची पांढरी खळ कोंबडीच्या पिसाने रेखत आली होती. खळ वाळली की कापड निळीच्या रांजणात जायचं. जिथे रेघ तिथे नीळ चढायची नाही, आणि पानं, सरडे, कंगवे निळ्यातून वर यायचे. बाजारातल्या बायका कापड हातात घेतल्याबरोबर म्हणत, ही अबिकेची रेघ. ती रेघ गेली तर दुसऱ्यांची कापडं घडी घालून विकत बसणं, एवढंच तिच्या नशिबी उरलं असतं. त्या विचारानेच तिच्या तळपायाची आग मस्तकात जाई.

नजर बिघडू लागली तेव्हा आधी पांढऱ्या वाडग्यात पेज किती उरली ते कळेना. मग दारातल्या सिमेंटच्या पायऱ्यांची कड कळेना. मुलगा म्हणे, बघून चाल, जणू ती डोळे मिटून चालत होती. शेवटी रांजणातून कापडं निघाली ती अर्ध्या पानांची, बिनशेपटीच्या सरड्यांची. अबिकेने दोष दिला पीठवालीला, मग खळीतल्या तुरटीला, मग पिसाला. सून बोलातितो एकदा दबकत म्हणाली की खळ नीट आहे, रेघच मध्ये मध्ये तुटते. त्यावर अबिकेने तिच्या हातातलं पीस हिसकावलं आणि सुनावलं, "तुला खळ शिजवता येईना आणि खोट माझ्या रेघेत. नाचता येईना अंगण वाकडं."

पीठवाली बदलली आणि कापडं पुन्हा अखंड निघू लागली. अबिकेने ते सगळ्या आळीला ऐकवलं आणि जुन्या पीठवालीशी बोलणं टाकलं. पण तिचं तिला ठाऊक होतं. रेघ तिला दिसत नव्हतीच, नुसता सवयीने हात चालत होता. आणि सवयीवर किती दिवस काढायचे?

चौथ्या खेपेला तिने नर्सला बाजूला सारलं. सुनेच्या काखेतलं, रेखलेलं पण अजून निळीत न घातलेलं कापड ओढून डॉक्टरबाईंच्या टेबलावर, कागदांवरच पसरलं. "रेघ कुठे आहे सांगा," ती म्हणाली. डॉक्टरबाईंनी चष्मा सावरून बोटाने पान दाखवलं, सरडा दाखवला. "तुम्हाला दिसला ना? मला ही नुसती कोरी चादर दिसते. आणि तुमची माणसं मला तीनदा सांगतात, आजी, तुमची नजर झकास आहे."

 डॉक्टरबाईंनी कपाटातून दुसराच तक्ता काढला. त्यात सगळी अक्षरं सारख्याच आकाराची होती, पण खाली खाली फिकी होत गेलेली. अबिकेने दोन ओळी वाचल्या आणि थांबली. खाली काहीच नाही, म्हणाली, कोऱ्या कागदाची परीक्षा कसली घेता? पाठीमागे उभ्या असलेल्या बोलातितोच्या तोंडून पुढच्या चार ओळी आपसूक निघाल्या.

"आजी, मोतीबिंदूने तुमचं बारीक दिसणं गेलं नाही, फिकं दिसणं गेलंय," डॉक्टरबाई म्हणाल्या. "काळ्या अक्षरांच्या तक्त्यावर ते कळत नाही. हा तक्ता आम्ही पहिल्याच दिवशी काढायला हवा होता."

"मग काढला का नाही?" अबिकेने विचारलं. उत्तरादाखल ऑपरेशनची तारीख मिळाली.

उजव्या डोळ्याचं ऑपरेशन झालं. पट्टी निघाली तेव्हा तिला आधी दिसल्या नर्सच्या पांढऱ्या कपड्यावरच्या चुण्या. घरी आल्यावर पायरीची कड दिसली, आणि ती पायरीवरच वैतागली, की एवढ्याशा गोष्टीसाठी मी वर्षभर ठेचा खाल्ल्या. तशीच आत गेली. ऑपरेशनच्या आदल्या दिवशी रेखलेलं कापड फळीवर वाळत होतं.

कापडावर दोन हात होते. एक रेघ जाड, हेलपाटत जाणारी, कुठे दोनदा ओढलेली, कुठे वीतभर सुटलेली. सुटलेल्या जागी दुसरी रेघ, बारीक आणि स्थिर, पहिलीची टोकं जुळवत गेलेली. दोनदा ओढलेलं नखाने हलकेच खरवडून काढलेलं.

"हे कधीपासून चाललंय?" तिने सुनेला विचारलं.

"तुम्ही पीठवाली बदललीत त्या आठवड्यापासून. तुम्ही झोपायला गेलात की."

"आणि मला सांगायला काय झालं होतं?"

"सांगितलं होतं, आई. तुम्ही अंगण वाकडं म्हणालात."

अबिकेला राग आला, आणि तो ठेवायला जागाच सापडेना. जुन्या पीठवालीकडे जाऊन आता नाक घासावं लागणार, तेही डोक्यात आलं. तिने पीस खळीत बुडवलं आणि फळीवरच्या कोऱ्या चौकोनात एक पान काढलं. वर्षभर न बघता चाललेला हात बघितल्यावर बिचकला. रेघ वाकडी गेली आणि देठापाशी फुटली. आता तिला सगळं दिसत होतं, तेव्हा हेही दिसलं. शेजारचं सुनेने पुरं केलेलं पान सुबक होतं. अबिकेला रेघ शिकवणाऱ्या तिच्या आईनेही त्याला नावं ठेवली नसती.

कापडाच्या कोपऱ्यात अबिकेची कंगव्याची खूण असे. तो कोपरा अजून रिकामा होता. तिने पीस सुनेपुढे धरलं.

"तुझी खूण काढ इथे."

"मला खूण नाही, आई. तुम्ही कधी काढू दिलीत?"

"मग शोध एखादी," अबिके करवादली. "आणि जरा ठळक काढ. माझा एक डोळा अजून तसाच आहे."