परसातली माती

आमच्या घरात नकाशा काढायचा तो मातीने. जी जागा दाखवायची तिथली चिमूटभर माती शाईत खलायची, मगच रेघ ओढायची. आमच्याकडचे डोंगर एका जागी स्वस्थ बसणाऱ्यातले नाहीत, दर वर्षी थोडे थोडे सरकतात, त्यामुळे नुसत्या डोळ्यांनी वाट सापडत नाही. मातीच्या शाईचा नकाशा हातात धरला की पायांनाच ओढ लागते आणि माणूस बरोबर त्या मातीपाशी जाऊन पोचतं. बाबा सांगायचे, खोटी माती घातलीस तर वाट तुझ्याच दारात येईल. मला वाटायचं, पोरांना बागुलबुवा दाखवतात तसलाच हा प्रकार.

यंदा खिंडीचा नकाशा नवा करायचा होता. खिंड ओलांडली की समोरच माझ्या ताईचं घर. तिच्या लेकीचे दिवस भरत आले होते, जावई दूर कामावर, आणि आसपास चिटपाखरू नाही. म्हणून दोन नकाशे काढायचे होते, एक आमच्या गावातल्या दाईसाठी आणि एक ताईसाठी, वेळ पडली तर तिलाही खिंडीतून ये-जा करता यावी म्हणून. खिंडीतली माती संपली होती आणि तिथवर चांगली दोन तासांची चढण. माझा गुडघा दुखत होता, असं मी सगळ्यांना सांगितलं. नाचता येईना अंगण वाकडं म्हणतात, माझं तर अंगणही सरळ होतं आणि पायही धड होते. मला कंटाळा आला होता, एवढंच. परसात गेलो, धुण्याच्या दगडाशेजारची चमचाभर माती उकरली आणि शाईत खलली. रंगही अगदी तसाच आला. रेघा इतक्या सुबक उतरल्या की भिंतीवरच्या बाबांच्या जुन्या, कसर लागलेल्या खिंडीच्या नकाशाकडे बघून मी मनातल्या मनात हसलो. ताईचा नकाशा पाठवताना वर चिठ्ठी टाचली: डोळे मिटून चाल.

ठरल्या दिवशी दाई उजाडताच निघाली. नऊच्या सुमारास परसात कोणीतरी खाकरलं. बघतो तर दाईच, बोचकं काखेत, नकाशा हातात, धुण्याच्या दगडापाशी उभी.

"चुकले रे," ती म्हणाली. "वय झालं माझं. तुझी वाट सरळच असणार, माझेच पाय भरकटले."

त्याच क्षणी मला सगळं कळलं. तोंड उघडायला हवं होतं. मी तिला पाणी दिलं. वर म्हणालो, होतं असं कधीकधी, मावशी, पायथ्याशी जरा बघून वळा. जिने मला या जगात आणलं त्या बाईला मी तिच्याच म्हातारपणाची लाज वाटू दिली आणि वर तिला कोपऱ्यापर्यंत सोडायला गेलो.

अकराला ती परत आली. दगडावर बसली, चपला काढून आपल्या पायांकडे बघत राहिली आणि म्हणाली, आता हे काम सोडलेलं बरं, एखादीचा जीव जायचा माझ्यापायी. तेव्हा कुठे मला वाचा फुटली. माती खिंडीतली नाही, इथलीच आहे, मी सांगितलं. तिने मला शिव्या दिल्या नाहीत. दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

"मग सकाळी का नाही बोललास?" एवढंच तिने विचारलं.

बाबांचा नकाशा भिंतीवरून उतरवला, घराला कुलूप लावलं आणि दोघं निघालो. नकाशाची ओढ पुसट झाली होती, दर वळणावर थांबून अंदाज घ्यावा लागे, पण माती खरी होती. गुडघ्याने वाटेत एकदाही तक्रार केली नाही.

पोचलो तेव्हा तीन वाजून गेले होते. दार सताड उघडं. भाची भिंतीला टेकून जमिनीवर बसलेली, ओठ पांढरेफटक, मांडीवर चादरीत गुंडाळलेलं बाळ. नाळ तिने स्वतःच दोऱ्याने बांधली होती. दाईने दोघींना तपासलं आणि धोका टळलाय म्हणाली. मग मी विचारलं, ताई कुठे आहे?

"आई सकाळीच निघाली," भाची म्हणाली. "कळा सुरू झाल्या ना. म्हणाली, दाई वाटेतच भेटेल, घेऊनच येते. मामाचा नकाशा आहे, चुकायचा प्रश्नच नाही."

मी पाणीसुद्धा न पिता उलटा फिरलो.

दिवेलागणीला घरी पोचलो. ताई परसात, धुण्याच्या दगडावर बसली होती. पावलं सोलवटली होती. माझ्या नकाशाने तिला सरळ इथे आणून सोडलं होतं. दाईच्या घराला कुलूप, माझ्या घराला कुलूप. मग ती लेकीकडे परत निघाली होती, तीनदा, आणि तिन्ही वेळा इथेच आली होती. तीही बाबांचीच मुलगी. दगडाशेजारी मी उकरलेल्या त्या खळग्यात तिचं बोट होतं.

"मुलगी झाली," मी म्हणालो. "दोघी बऱ्या आहेत."

तिने डोळे मिटले आणि बराच वेळ उघडले नाहीत.

"जवळ कोण होतं तिच्या?"

"कोणी नव्हतं."

ताईने बोट बाहेर काढून पुसलं. "केवढीशी माती घेतलीस रे," ती म्हणाली.

मग तिने हात पुढे केला आणि मी बाबांचा नकाशा तिच्या हातात दिला. मीही येतो म्हणायचा मला धीर झाला नाही. ती गेली. माझा नकाशा नीट घडी करून तिने दगडावर ठेवला होता, आणि चिठ्ठी अजून त्याला टाचलेली होती: डोळे मिटून चाल.