काउंटेसच्या कोठारापुढचा नंबर

दोन्या ब्रिआंदा ही सोळाव्या शतकातली बंडखोर काउंटेस. राजाने धान्याची कोठारं बंद केली, तिने ती फोडून भुकेल्या रयतेला पाव वाटले, असा तो सिनेमा होता. रयत म्हणून वालदेरोब्ले गावातली साठ माणसं घेतली होती. त्यांतली निम्मी गुडघेदुखीची.

क्रिस्पुलाला एक वाक्य मिळालं होतं. सगळ्यांच्या आधी दाराशी पोचून म्हणायचं, "बाईसाहेब, आम्ही तुमच्यासाठी मरू!" नऊ दिवस ती ते कोंबड्यांना ऐकवत होती आणि नवऱ्यालाही. "मर, पण आधी सूप गरम कर," एलेउतेरिओ म्हणायचा. नणंद ओब्दुलिया मात्र गावभर सांगत होती, की ते वाक्य सिनेमात राहणार नाही.

"दार उघडलं की लोंढ्यासारखं धावायचं!" दिग्दर्शक बोर्खा ओरडला. तो माद्रिदचा होता.

दार उघडलं. साठ माणसं धावली, पायऱ्यांपाशी पोचली आणि थांबली.

"शेवटचं कोण?" ओब्दुलियाने विचारलं.

"मी," निवृत्त पोस्टमन सातुर्निनो म्हणाला.

"मग मी तुमच्यामागे."

आपण कोणाच्या मागे आहोत हे एकदा कळल्यावर उभं राहायचं कारण उरलं नाही. मंडळी सावलीत पांगली. क्रिस्पुलाचा लाकडी जोडा चिखलात रुतला होता. ती पोचेपर्यंत तिचा नंबर एक्केचाळिसावा लागला.

"कट! अहो, उपाशी आहात तुम्ही! चार महिने अन्नाचा कण नाही पोटात!"

"म्हणून काय रानटी व्हायचं का, बाळा?" ओब्दुलिया म्हणाली.

दोष क्रिस्पुलाचाच होता. दर गुरुवारी येणाऱ्या मासेवाल्याच्या गाडीपाशी चाळीस वर्षं 'शेवटचं कोण?' विचारून तिनेच या गावाला नंबराची शिस्त लावली होती. अंत्यविधीला उशीर होतोय म्हणून पुढे घुसणाऱ्या पाद्रीबाबांनाही तिने मागे धाडलं होतं. "मुडदा काही पळून जात नाही, फादर." आणि 'मला फक्त एक विचारायचंय' म्हणत पुढे सरकणाऱ्यांचा तर तिला मनस्वी तिटकारा.

दुसऱ्यांदा लोक जास्त जोरात धावले, पण नंबराप्रमाणे.

बोर्खाने मनोऱ्यामागे कलणाऱ्या उन्हाकडे पाहिलं. "शेवटचा प्रयत्न. नाही जमलं तर उद्या शेजारच्या गावातून माणसं आणतो."

शेजारचं गाव म्हणजे बटाट्याच्या आमलेटात कांदा न घालणारी माणसं. त्यांतलीच एखादी बया क्रिस्पुलाचं वाक्य म्हणणार!

"वन्सं, मला पुढे जाऊ द्या," क्रिस्पुला कुजबुजली.

"सकाळचा नंबर तो सकाळचाच," ओब्दुलिया म्हणाली. "तूच शिकवलंयस."

दार उघडलं. क्रिस्पुलाने डोळे मिटले, कोपर पुढे काढलं आणि जन्मात न उच्चारलेले शब्द उच्चारले.

"मला फक्त एक विचारायचंय!"

आणि वालदेरोब्ले पेटलं. "नंबर! नंबर!" सातुर्निनोने काठी उगारली, ओब्दुलियाने वहिनीचा डोक्याचा रुमाल ओढला. चार शतकांत या गावाने असं बंड केलं नव्हतं. केस विस्कटलेली, एकाच पायात जोडा उरलेली क्रिस्पुला काउंटेससमोर जाऊन आदळली, आणि वाक्य विसरली.

काउंटेस झालेली हिमेना मुरलेली नटी होती. ती शांतपणे म्हणाली, "विचार, बाई."

कॅमेरा क्रिस्पुलाच्या नाकावर आला. डोक्यात काहीच नव्हतं. तोंड मात्र चाळीस वर्षांच्या सवयीने उघडलं.

"शेवटचं कोण?"

हिमेनाने गर्दीकडे पाहिलं. पावांची टोपली खाली ठेवली.

"मी," ती म्हणाली. मग रेशमी घागरा दोन बोटांनी उचलून ती सगळ्यांच्या मागे, खालच्या पायरीवर जाऊन बसली.

बोर्खा 'कट' म्हणायचं विसरून रडत होता.

वसंतात सिनेमा आला. त्या दोन शब्दांत सरंजामशाहीचा अंत आहे, असं समीक्षकांनी लिहिलं. गावच्या सभागृहात क्रिस्पुलाचं नाक भिंतभर दिसलं, तेव्हा एलेउतेरिओ उभा राहून टाळ्या वाजवत होता. ओब्दुलिया कानाशी वाकली. "माझ्या आधी घुसलीस ती घुसलीसच."

गुरुवारी मासेवाल्याची गाडी यायच्या आधी तासभर क्रिस्पुला चौकात हजर होती. ओब्दुलिया आली.

"शेवटचं कोण?"

"मी," क्रिस्पुला मान ताठ करून म्हणाली, आणि एप्रन दोन बोटांनी उचलून पायरीवर बसली.