हसरा दवाखाना

"ही बघ, परत तीच. जीवनदायी पेटी," लेक म्हणाला आणि त्याने बोट पुढच्या ओळीवर नेले. "ही पण तीच. आई, दोनशे चौदा पेट्या आहेत. दोन महिन्यांत."

तो लिफ्ट दुरुस्त करतो. कामावर निघता निघता त्याने फोनवर कार्डाचे बिल उघडले आणि एका पायात बूट, एका पायात नुसता मोजा अशा अवस्थेत तो खुर्चीत बसला. बिलाचा आकडा त्याच्या सव्वादोन महिन्यांच्या पगाराइतका होता आणि वीस तारखेच्या आत भरला नाही तर त्यावर व्याज चढणार होते. कार्ड कुणीतरी चोरले असेच त्याला वाटत होते. सून बँकेला फोन लावत होती.

"पेट्या मी काढल्यात," मी म्हणाले.

"काढल्यात म्हणजे?"

"स्टोअरमधून."

नवरा-बायकोने एकमेकांकडे पाहिले. ते पाहणे मला तेव्हाच खटकले होते.

मी एकतीस वर्षे वॉर्डात काढली. निवृत्त होऊन दोन वर्षे झाली तरी इमारतीत मला सगळे सिस्टरच म्हणतात. रागावली की सूनही म्हणते. घरात बसून माझा जीव कंटाळू नये, खरे म्हणजे मी तिच्या स्वयंपाकघरात नाक खुपसू नये, म्हणून लेकाने आपला जुना फोन मला दिला आणि त्यात एक खेळ घालून दिला. खेळाचे नाव हसरा दवाखाना. ओळीने खाटा, खाटांवर गोल तोंडाचे पेशंट आणि मधून फिरणारी एक नर्स. तिची कंबर इतकी बारीक की एका खाटेची चादर बदलली तरी मोडून पडेल. पेशंट आला की घंटी वाजते. वेळेत औषध दिले नाही तर त्याचे तोंड पिवळे पडते, मग लाल होते, मग तो रडतो. आणखी उशीर झाला तर खाट रिकामी होते आणि खाली ओळ येते, "तो तुमची वाट पाहत होता."

हा खेळ आहे हे मला माहीत होते. हे मी पुढे बऱ्याच जणांना सांगितले, इथेही सांगते. पण घंटी वाजत असताना बसून राहणे मला जमत नाही. एकतीस वर्षांत जमले नाही, ते आता कुठून जमणार?

औषधे संपली की जीवनदायी पेटीसाठी पडद्यावर स्टोअर उघडायचे आणि अंगठा मागायचे. सगळा घोटाळा इथेच झाला. नोकरीच्या शेवटच्या चार वर्षांत आमच्या रुग्णालयात असेच यंत्र बसवले होते. स्टोअरमधून काही काढायचे तर आधी अंगठा, म्हणजे कुणी काय काढले त्याची नोंद राहते. त्याचे पैसे ना पेशंटला पडत, ना आम्हाला. फोनने अंगठा मागितला, मी लावला. माझी रक्तदाबाची औषधे मागवता यावीत म्हणून लेकाने याच फोनला स्वतःचे कार्ड जोडून ठेवले आहे, हेही मला ठाऊक होते. पण अंगठा म्हणजे पैसे, हे डोक्यातच आले नाही. हिरव्या बटणाखाली बारीक अक्षरांत एक आकडा असायचा. तो मी साठ्याचा समजले.

लेकाला हे पटले. तो हसलाही. चुकून झालेय ना, मग तसे सांगू त्यांना, म्हणाला. पैसे परत देतात असे त्याच्या कामावरच्या एकाने सांगितले होते.

कंपनीच्या मदत केंद्राला फोन लावला, तर आधी खेळातलेच गाणे वाजले, चांगली एकवीस मिनिटे. मग एक मुलगी आली. बोलणे मधाळ. ड्यूटी बदलताना पुढच्या सिस्टरला सांगावे तसे मी तिला स्टोअर, यंत्र, अंगठा, सगळे क्रमाने सांगितले. तिने एकदाही मध्ये तोडले नाही. शेवटी म्हणाली, तुमच्या भावना मी समजू शकते, पण आपण यातला कोणता पर्याय निवडता? पर्याय तीन होते. खरेदी लहान मुलाने केली. खरेदी अनोळखी माणसाने केली. खरेदी खातेदाराच्या देखरेखीखालच्या, व्यवहार न कळणाऱ्या व्यक्तीने केली. मी म्हटले, माझी गोष्ट चौथी आहे. ती म्हणाली, चौथा रकाना नाही. तिच्या मागे दुसरे फोन वाजताना ऐकू येत होते, म्हणून मी तिला जास्त अडवले नाही.

मला किळस येत नाही, हा माझा आयुष्यभराचा लौकिक. पडून पडून कुजलेल्या पाठी मी धुतल्या, जखमेतले किडे चिमट्याने एकेक करून काढले आणि हात धुऊन डबा खाल्ला. त्यात घाण वाटण्यासारखे काही नसते. माणसाचे शरीर आहे, सडायचेच. पण त्या संध्याकाळी मी बिलाची यादी घेऊन बसले आणि एकेक आठवडा मोजत गेले. पहिल्या आठवड्यात एकच पेटी होती. दुसऱ्यात चार. मग रोज तीन, रोज पाच, एका दिवशी अकरा. सुरुवातीला पेशंट फुकटच्या गोळ्यांनी बरे होत होते, ते मला आठवले. मी रोज येते असे दिसल्यावर त्यांचे आजार वाढत गेले. माझ्या वॉर्डातला पेशंट कुणीतरी मुद्दाम आजारी पाडत होते, मी उठून धावते का ते पाहायला. आणि मी दोनशे चौदा वेळा धावले. ज्या कुणी हे बनवले त्याला माणसाचे नेमके कुठे दुखते ते पक्के ठाऊक होते. मला त्याची किळस आली, आणि खोटे कशाला बोलू, स्वतःच्या अंगठ्याचीही.

तिसरा रकाना भरायचा, असे लेकाने ठरवले. त्यासाठी डॉक्टरचा दाखला लागणार होता. दोन दिवस मी त्याला उभेही केले नाही. तिसऱ्या दिवशी सुनेकडून कळले, की त्याने कामावर उचल मागितली आणि ती मिळाली नाही. मी चपला घातल्या आणि म्हटले, चल.

ज्या डॉक्टरांकडे गेलो, ते शिकाऊ असताना माझ्या वॉर्डात होते. शीर सापडेना म्हणून त्यांनी एका पेशंटच्या हाताची चाळण केली होती, तेव्हा शीर कशी चाचपायची ते मीच त्यांना दाखवले होते. ते त्यांच्या लक्षात होते. तुमच्याकडून पैसे घेणार नाही, असे त्यांनी आम्ही बसायच्या आधीच सांगून टाकले. दाखल्यासाठी चार प्रश्न विचारावे लागतात म्हणाले. तारीख झाली, वार झाला. मग म्हणाले, शंभरातून सात वजा करा, उरले त्यातून पुन्हा सात, असे करत जा.

"सिस्टर, एक-दोन ठिकाणी चुका की," ते हसत म्हणाले. "मला लिहायला सोपं जाईल."

मी त्र्याण्णव म्हटले. शहाऐंशी म्हटले. लेक माझ्याकडे डोळे लावून बसला होता, आता चूक, आता चूक म्हणत. एकोणऐंशी, बहात्तर, पासष्ट. मला थांबता येईना. न मोजलेला ताप मी कधी तक्त्यावर लिहिला नव्हता. येत असलेले उत्तर चुकवायचे कसे, ते मला कुणी शिकवलेच नव्हते. मी थेट दोनपर्यंत आले. डॉक्टरांनी मान हलवली आणि लिहिले, "शहाऐंशीच्या पुढे जाता आले नाही." त्यांनी ते माझ्यावरच्या मायेने लिहिले. अक्षर पूर्वी होते तितकेच घाणेरडे होते.

खाली माझी सही हवी होती. मी पेन उचलले, तर लेकाने हळूच मनगट धरले.

"सही नको, आई. तुझी सही फार चांगली येते. अंगठाच दे."

घरात शाळेचे तोंड पाहिलेली मी पहिली. माझ्या आईने जन्मभर अंगठा उठवला. माझ्या पहिल्या पगाराच्या दिवशी कागदावरच्या माझ्या सहीवरून तिने बोट फिरवून पाहिले होते. डॉक्टरांच्या टेबलावर शाईची डबी होती. मी अंगठा दिला. लेकाने पुसायला रुमाल पुढे केला, तो मी घेतला नाही.

नवव्या दिवशी पैसे परत आले. सोबत एक संदेश होता, आपल्या प्रियजनांची काळजी घ्या. लेकाने आइस्क्रीम आणले. त्याच्या डोक्यावरचे ओझे उतरले, तो पुन्हा शीळ घालत जिना उतरू लागला आणि त्याचा मला मनापासून आनंद झाला. पण ही गोष्ट त्याला फारच आवडून गेली. कंपनीला कसे गंडवले, आई दोनपर्यंत कशी गेली, डॉक्टरांनी काय लिहिले, हे तो जिन्यात, गच्चीवर, भेटेल त्याला सांगत सुटला. लोक पोट धरून हसायचे. म्हणजे आमच्या सिस्टर आता कागदोपत्री वेड्या, असे कुणीतरी म्हणाले. मीही हसले.

फरक हळूहळू कळला. मी गॅस बंद केला की सून येऊन बटण चाचपून जायची. एक दिवस माझ्या गोळ्या तिने वारांप्रमाणे डबीत लावून ठेवल्या. विचारले तर म्हणाली, असू द्या ना आई, सहज. लेकाने फोनमधून माझा अंगठा काढून टाकला ते ठीकच केले, पण पेन्शनच्या कागदावर मी सही करत होते तेव्हा तो शेजारी उभा राहून कागद वाचत होता. दाखला खोटा आहे हे दोघांनाही माहीत होते. त्यांनीच तर तो करून घेतला होता. भांडावे तर कशावरून? मला कुणी काही बोललेच नव्हते.

खालच्या मजल्यावर एक शिंपी राहतात. सगळे त्यांना मास्तर म्हणतात. त्यांचा जन्म सुयांत गेला, पण स्वतःला सुई टोचायची म्हटली की त्यांना दरदरून घाम फुटतो. म्हणून गेली सहा वर्षे ते रोज सकाळी साडेसातला इन्सुलिनची बाटली घेऊन वर येतात. मी चौदा युनिट भरते, ते खिडकीबाहेर बघतात आणि मी पोटावर टोचते. तेवढ्या वेळात कोणत्या गिऱ्हाइकाची पँट कुठे तंग झाली ते मला कळते.

परवाही ते आले. मी बाटली तळहातांत घोळवली, भरले, बुडबुडा काढला. वळून पाहिले तर त्यांनी सदरा वर केलेला नव्हता.

"सिस्टर, राग मानू नका," ते जमिनीकडे बघत म्हणाले. "किती भरलंय, जरा बघू?"

सहा वर्षांत पहिल्यांदा. मला वाईट वाटले, पण त्याहून जास्त शिसारी आली. कुणाची ते मला अजून नीट सांगता येत नाही. मास्तरांची नक्कीच नाही. सुई माझ्या हातात होती आणि जीव त्यांचा होता, विचारायचा हक्क त्यांचाच. मी सिरिंज पुढे केली. त्यांनी चष्मा कपाळावरून डोळ्यांवर घेतला आणि नखाने एकेक रेघ मोजली.

"चौदा," ते म्हणाले.

"चौदा," मी म्हणाले.

मग त्यांनी सदरा वर केला.

काल मी त्यांच्या विचारण्याची वाट पाहिली नाही. भरले आणि सिरिंज आपणहून खिडकीच्या उजेडात धरली, त्यांना रेघा नीट दिसतील अशी.