आमची माणसं की आपली माणसं?

त्या दिवशी कुणाच्या पदरात काय पडणार होते, ते आधी सांगते. राजधानी लीमाहून आलेल्या सेन्योरा ग्रासिएला यांच्या पदरात एक तळे पडणार होते. बर्फाच्या डोंगराखालचे हे तळे निळे की हिरवे, यावर पाहून आलेली माणसे गाडीत बसेपर्यंत भांडतात. वाटाड्या विल्मेरला शाबासकी आणि पुढच्या रविवारची आणखी एक तुकडी मिळायची होती. मोरो घोड्याला ओंजळभर जव. आणि माझी मालकीण तेओदोसिया हिला एक पत्रा. तिच्या स्वयंपाकघराच्या छपराला भोक पडले होते आणि पावसाळा तोंडावर आला होता. एक स्वार वर नेला की एक पत्रा, असा तिचा सरळ हिशेब.

माझ्या पदरात काहीच पडायचे नव्हते. खोगिराला पदर नसतो, मित्रांनो. पाठ असते, आणि तीही दुसऱ्याची.

हो, मी खोगीर आहे. आता जुने झाले आहे, पण एके काळी चाकापाता गावात माझ्याइतके देखणे खोगीर दुसरे नव्हते. तेओदोसियाचा नवरा नासारिओ याने मला लग्नाच्या वर्षी घडवले. उंच कड्यांवर लाल सालीची वाकडीतिकडी झाडे उगवतात, त्यांचे लाकूड त्याने माझ्या सांगाड्याला वापरले. कातडे त्यांच्याच बैलाचे. आत लामाची लोकर आणि डोंगरातले राठ गवत. कुणी बिनकामाच्या माणसांना खोगीरभरती म्हटले की मला राग येतो तो यासाठी. माझी भरती तेओदोसियाने गाणे म्हणत, मूठमूठ लोकर विंचरून केली होती. तेवढी निवडून भरलेली माणसे कुठल्या कचेरीत असतील तर दाखवा.

आधी माझ्यावर बटाटे चढले, मग एक नवरी चढली, मग तिची बाळंतपणाची घाई चढली. नासारिओ गेला तेव्हा त्याची टोपी आणि चपला माझ्यावर ठेवून घोडा गावातून फिरवला. त्यानंतर शहरातल्या गाड्या येऊ लागल्या. पहाटे माणसे गाडीतून उतरायची, कोकाच्या पानांचा चहा प्यायची आणि वाटाड्यामागून सिवारकोचा तळ्याकडे चालू लागायची. संध्याकाळी परत.

या माणसांची मी वर्षानुवर्षे नोंद ठेवली आहे. गाडीतून उतरताना सगळे म्हणतात, आम्ही चालणार. पहिल्या चढाला बोलणे बंद होते. दुसऱ्या चढाला फोटो काढायच्या निमित्ताने थांबणे सुरू होते. तिसऱ्या चढाला माणूस घोड्याकडे असा पाहतो, जणू त्याला घोड्यांची पहिल्यापासूनच फार आवड. तिथे तेओदोसिया मोरोचा लगाम धरून हजर असायची. हाक मारायची नाही. नुसती लोकर कातत उभी राहायची.

आमच्या डोंगरात एक रीत आहे. कुणी घोड्यावर बसले की घोडेवाली कोकाची तीन पाने पंख्यासारखी धरते, बर्फाच्या डोंगराकडे, म्हणजे आपू देवाकडे, फुंकर घालते आणि म्हणते, "हे आता आपलं माणूस." मग चालणारे वाटाड्याचे आणि बसलेले घोडेवालीचे. वर नेलेले माणूस खाली आणून गाडीच्या दारात उभे करीपर्यंत त्याचा भार तिच्यावर. मधे ते चार पावले पायी गेले तरी तिच्यावरच.

त्या सकाळी विल्मेर आला तोच गमतीत होता. त्याची आजी चाकापाताची, पण तो वाढला शहरात. डोंगरातली केचुआ भाषा बोलायचा, जरा लंगडी, पण प्रेमाने.

"माय, आज तुझा धंदा बुडाला," तो म्हणाला. "आमची माणसं एकजात धडधाकट आहेत."

"असं? मग ती निळ्या स्कार्फची बाई गाडीला धरून का उभी आहे? गाडी ढकलतेय का?"

तीच सेन्योरा ग्रासिएला. निवृत्त शिक्षिका. तिसऱ्या चढापर्यंत आली ती केवळ हट्टाने. तिथे दगडावर बसून ती म्हणाली, "मुला, मला काही झालेलं नाही. फक्त हवा जरा कमी दिलीय तुम्ही लोकांनी."

विल्मेरने तिला हात देऊन माझ्यावर बसवले. हलकी होती, नवरी होती तितकीच. "माय, आमच्या या पाहुणीला सांभाळून ने हं," तो म्हणाला.

तेओदोसियाने पाने धरलेला हात खाली घेतला. "आमच्या? कुणाच्या रे आमच्या?"

"म्हणजे... आमच्या तुकडीच्या."

"मग मी कोण? मोरो कोण? तुझ्या आजीनं तुला भाषा दिली की अर्धी स्वतःच्या ट्रंकेत ठेवून गेली? 'आमची' म्हणजे तुमची. मी बाहेर, माझा घोडा बाहेर. माझ्या घोड्यावर बसली ना? मग ती 'आपली'. म्हण."

"आपली. पण स्पॅनिशमध्ये दोन्हीला एकच शब्द आहे गं माय. जीभ तिकडेच वळते."

"वळली तर ओढून आण. लगाम काय फक्त घोड्यालाच असतो?"

विल्मेर हसला. मग वाटभर त्याने तिला छळले. आपला घोडा, आपला दगड, आपली भूक, आपल्या घोड्याची लीद. तेओदोसिया हसून हसून डोळे पुसत होती. "शिकलास बाबा, शिकलास," ती म्हणाली. "आता विसरू नकोस म्हणजे झालं."

मित्रांनो, हे हसणे लक्षात ठेवा. पुढे जे झाले ते या हसण्यावरूनच झाले.

घोड्यांची वाट तळ्यापर्यंत जात नाही. शेवटी मोठमोठ्या दगडांचा उंच ढीग आहे. बर्फाने कधी काळी लोटत आणून टाकलेला. घोडे त्याच्या पायथ्याशी थांबतात आणि माणसे पुढे हातापायांवर चढतात. सेन्योरा माझ्यावरून उतरली. तेओदोसियाने तिला उकडलेला बटाटा आणि चीजचा तुकडा दिला.

"तू नाही येत वर?" सेन्योराने विचारले. विल्मेरने ते केचुआत सांगितले.

"मी काय करू येऊन? तिथलं पाणी माझ्या घरी येतंच की," तेओदोसिया म्हणाली. "परत आलीस की मी इथंच आहे. खाली घोड्यावरून जायचं, सांग तिला."

तिने तळे कधी पाहिलेच नव्हते. आमच्या गावची माणसे आपूच्या पाण्याजवळ विनाकारण जात नाहीत. मेंढरे राखायची त्या वयातही ती हा दगडी चढ चढली नव्हती.

दुपारनंतर ढग उतरले. आधी डोंगर गेला, मग दगड गेले, मग गारा आल्या. तेओदोसियाने मोरोला कड्याच्या आडोशाला उभे केले आणि स्वतःचे कांबळे माझ्यावर टाकले. बसणारीला ओले लागू नये म्हणून.

वर विल्मेरची धांदल उडाली होती, हे नंतर कळले. गारांनी दगड निसरडे झाले. सेन्योराला भोवळ आली. त्याने शहाणपण केले, त्या निसरड्या चढावरून कुणाला उतरवले नाही. तळ्याच्या दुसऱ्या अंगाने एक पायवाट ओढ्यापलीकडून खाली जाते. सेन्योराला दंडाला धरून, सगळ्यांना घेऊन तो त्या वाटेने उतरला. आणि तेओदोसियाला विसरलाही नाही. ओढ्याच्या पलीकडे, आमच्या समोर येताच तो थांबला. धुक्यात ना तो आम्हाला दिसत होता, ना आम्ही त्याला. पण वारा त्याच्याकडून आमच्याकडे वाहत होता. शब्द स्वच्छ आला.

"माऽऽय! आमची सगळी माणसं उतरली! सगळी!"

तेओदोसियाने मान वर केली.

"आणि आपली?" तिने ओरडून विचारले. वाऱ्याने तिचा आवाज तिच्याच तोंडावर परत मारला. उत्तर आले नाही.

"आमची म्हणाला," ती मोरोला म्हणाली. "म्हणजे चालणारी उतरली. आपली वरच आहे."

सकाळचा धडा नसता तर तिने ते शहरी पोराचे बोलणे म्हणून सोडून दिले असते. पण त्याला फरक कळतो, हे तिने स्वतःच्या कानांनी दिवसभर ऐकले होते. तिला वाटले, तुकडीला खाली न्यायची घाई म्हणून पोराने आपल्यावर भरवसा ठेवून आपले माणूस आपल्याकडे सोपवले आहे.

गारांनी वाट घोड्यावर बसून उतरण्याजोगी उरली नव्हती. तिने मोरोच्या पोटाखालची पट्टी सोडली, मला उतरवून आडोशाला कोरड्या जागी ठेवले आणि मोरोच्या पाठीवर थाप मारली. "घरी जा रे. आम्ही दोघी येतो सावकाश." कांबळे तिने बरोबर घेतले, सेन्योरासाठी. आणि ती दगड चढू लागली. वरून तिची हाक बराच वेळ ऐकू येत होती. "सेन्योऽऽरा! सेन्योऽऽरा!" 'बाई' या अर्थाचा तेवढाच स्पॅनिश शब्द तिला नीट येत असे. मग गारांचे बर्फ झाले आणि आवाज बंद झाला.

मी त्या रात्री तिथेच होते. खोगिराला वाट पाहणे जमते. आयुष्यभर तेच केलेले असते. तेवढे सांगून ही रात्र सोडून देते.

मोरो रिकाम्या पाठीने घरी पोचला, तेव्हा तिची मुलगी यानेत हिने गाव जागे केले. उजाडताच माणसे वर आली. ती पाण्याच्या काठाशी बसलेली सापडली, दगडाला टेकून. कांबळे घडी करून मांडीवर होते. अंगावर घेतले नव्हते. मुठीत निळा स्कार्फ होता. सेन्योराचा तो गडबडीत तिथे पडला होता. धुक्यात तेओदोसियाला तो सापडला, आणि मग ती परत कशी फिरणार? माणूस इथेच कुठेतरी आहे, याची खूणच मिळाली की. काठाच्या बर्फात तिच्या पावलांची रांग तळ्याला वेढा घालून पुन्हा जिथल्या तिथे आली होती.

विल्मेर दुपारी धावत आला. अंगणात मोरो उभा होता, मी भिंतीला टेकवलेले. यानेत दारात बसली होती.

"मी सांगितलं होतं तिला!" तो म्हणाला. "आपूची शपथ. ओढ्यावरून ओरडून सांगितलं."

"काय सांगितलंस?"

"सगळी उतरली म्हणून."

"जसं ओरडलास तसं म्हण."

त्याने श्वास घेतला. "माय, आमची सगळी माणसं..."

तो तिथेच थांबला. तो माझ्याशेजारी जमिनीवर बसला आणि एकच शब्द पुन्हा पुन्हा बरोबर म्हणू लागला. आपली. आपली. आपली.

पुढचे थोडके आहे. विल्मेरने पत्रे आणले, एक नव्हे, सबंध छपराचे, आणि उतारावरून पाठीवर वाहून नेले. पावसाळ्यात त्या स्वयंपाकघरात एक थेंब गळला नाही. यानेतने मला पुन्हा मोरोवर घातले नाही. बाजारातून नवे, स्पंजाचे खोगीर आले. मला वाट सुरू होते तिथल्या तिकिटाच्या टपरीवर टांगले आहे. माझ्या बैठकीत कुणी लाल फुलांची कुंडी ठेवली आहे. पाणी झिरपून लोकर कुजते आहे, कातडे तडकले आहे. लोक माझ्याबरोबर फोटो काढतात. एक बाई म्हणाली, किती जिवंत वाटतं ना!

विल्मेर अजून तुकड्या आणतो. केचुआ आता अस्खलित बोलतो, फक्त एक चूक करतो. प्रत्येक गोष्टीला आपली, म्हणजे ऐकणाऱ्याचीही, म्हणतो. आपली बायको, आपला दुखरा दात, आपले मेलेले वडील. गावात ऐकणाऱ्याला हसू यायला हवे. कुणी हसत नाही आणि कुणी दुरुस्तही करत नाही.

मित्रांनो, मला तेल लावा, माझ्यातली कुंडी काढा, असे मी म्हणणार नाही. माझे दिवस झाले. मागणे एवढेच आहे, की माणसे मोजाल तेव्हा नावे घेऊन मोजा. आणि पलीकडून कुणाचे उत्तर आले नाही, तर त्याने ऐकले असे धरून चालू लागू नका.

बाकी हिशेब असा. तळे तुकडीतल्या सगळ्यांनी पाहिले. सेन्योरा ग्रासिएलाचा एक स्कार्फ गेला. लीमाला पोचल्यावर तिने कळवले की दिवस अविस्मरणीय होता, फक्त खोगीर जरा टोचत होते. तिला कुणी काही सांगितले नाही. विल्मेरचा एक शब्द गेला. मोरोला त्या दिवशीचे जव मिळाले नाहीत. उरलेले सगळे तिने भरले, जी तळ्यावर आयुष्यात एकदाच गेली, त्याला पुरता वेढा घालून आली, आणि धुक्यामुळे तिला ते दिसलेच नाही.