दाराआडचा प्रॉम्प्टर

"ताई, तुम्ही पुन्हा अभिनय करताय!" दिग्दर्शिका कॅमेऱ्यामागून कळवळली.

"अगं बाई, मी कांदा चिरतेय!"

"तोसुद्धा शेवटच्या रांगेला दिसेल असा चिरताय."

खोटं नव्हतं. बाईंचा जन्म गावोगाव लोककथा रंगवून सांगण्यात गेला होता. सुरी हातात आली की तलवार व्हायची. माहितीपटांनाही त्यांनी आवाज दिला होता: धरणं, गरुड, वाळवंटातले उंट. आता माहितीपट खुद्द त्यांच्यावर निघत होता आणि त्यांच्यापेक्षा उंट बरे, असं म्हणायची वेळ आली होती. राणी झाल्या, चेटकीण झाल्या, लबाड कोल्हीण झाल्या. एकदा तरी आपण नुसत्या आपण कशा दिसतो, ते बघायची त्यांना भारी हौस. आणि आज चित्रीकरणाचा शेवटचा दिवस.

कांदा बाजूला ठेवून दिग्दर्शिकेनं त्यांना खिडकीपाशी बसवलं. "पहिल्यांदा एकटीनं गोष्ट सांगायला उभ्या राहिलात, तो दिवस सांगा ना."

"पायात आईच्या सँडल, चांगल्या दोन बोटं मोठ्या. पडदा उघडला, समोर बघते तर..."

आणि बाई थांबल्या. ठरवून नव्हे. त्या सँडल डोळ्यांपुढे आल्या, पुढच्या टोकांत कोंबलेला कापूस आला, तो कोंबणारे हात आले. शब्द मागेच राहिले. दिग्दर्शिकेनं श्वास रोखला. हाच तो चेहरा!

तेवढ्यात स्वयंपाकघराच्या दाराआडून खणखणीत कुजबुज आली. "समोर बघते तर आई, अनवाणी! आई, अनवाणी!"

नवरोबा! त्यांची सगळी हयात विंगेत उभं राहून बाईंना वाक्यं पुरवण्यात गेलेली. त्यात हल्ली कान गेलेले, त्यामुळे कुजबुज पार जिन्यापर्यंत पोचायची.

"अहो, हे नाटक नाहीये!"

"मग थांबलीस कशाला? मला वाटलं, विसरलीस!"

बाई जी हसत सुटल्या, की डोळ्यांतलं पाणी पुसायचंही भान राहिलं नाही. कॅमेरा चालूच होता.

माहितीपट पहिल्यांदा दाखवला, त्या दिवशी दोघं पहिल्या रांगेत बसली. ती कुजबुज आली आणि अख्खं सभागृह खदखदून हसलं.

"एवढ्या मोठ्यानं बोलतो मी?" नवरोबा दचकले.

"जन्मभर!"

पडद्यावरची ती हसणारी बाई हुबेहूब आईसारखी दिसत होती; ती कुणाची लेक आहे, हे आईला ओळखणाऱ्या कुणालाही सांगावं लागलं नसतं. अंधारात बाईंनी हळूच चपला काढल्या आणि पाय गार फरशीवर टेकवले.