तीस सेकंदांचा गडी

नीलाबाईंनी आपल्या लेकाला नऊ हंगाम टीव्हीवर पाहिलं, आणि त्यातलं बहुतेक बाकावर बसलेलंच पाहिलं. युसूफ वडगाव या गावातल्या त्यांच्या किराणा दुकानात सामन्याच्या वेळी गिऱ्हाईकं साखर मागायची विसरून पडद्याकडे बघत. कॅमेरा राखीव खेळाडूंवरून फिरला की कुणीतरी ओरडायचं, "त्यो बघा सोमेश्वर!" नीलाबाई समाधानानं म्हणायच्या, "बसलंय व्हय? बसू द्या. दमलं न्हाई म्हंजे बरं."

सोमेश्वर दमला नव्हता हे खरंच. कबड्डीच्या मोठ्या लीगमध्ये नऊ हंगामांत तो सहा शहरांच्या संघांतून फिरला. दरवर्षी लिलाव व्हायचा, मोठी नावं वाजतगाजत जायची आणि शेवटी भांड्यात उरलेला भात कुणीतरी वाढून घ्यावा तसा कुठला तरी संघ याला घ्यायचा. पण घ्यायचा, हेही खोटं नाही. सामन्याची शेवटची दोन-तीन मिनिटं उरली आणि संघ एक-दोन गुणांनी पुढे असला की प्रशिक्षक बाकाकडे वळून म्हणायचा, "सोमेश्वर, जा. गुण आणू नकोस, फक्त देऊ नकोस." मग हा उठायचा, चढाई ग्राह्य धरायला ओलांडावी लागते ती निदानरेषा ओलांडायचा, कुणाच्या हाती लागणार नाही असा इकडून तिकडे नाचायचा आणि चढाईचे तीस सेकंद खाऊन परत यायचा. त्या कामात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. एकदा मात्र दुसऱ्याच हंगामात त्यानं मोह धरला, गुण आणायला आत घुसला आणि पकडला गेला. सामना गेला. पुढचे अकरा सामने त्याला कुणी बाकावरून उठवलं नाही. दुधानं तोंड पोळलं, तेव्हापासून तो ताकही फुंकून प्यायला लागला.

यंदा लिलावात त्याचं नाव कुणी घेतलं नाही. वय पस्तीस. जूनपासून पुण्यातल्या एका शाळेत मुलांना शिकवायचं ठरलं होतं. तेवढ्यात गावची जत्रा आली आणि जत्रेतले कबड्डीचे सामने आले. सोमेश्वरच्या मनात एकच गोष्ट होती. सहा शहरांकडून खेळून झालं, एकदा आपल्या गावाकडून खेळायचं. यंदा नाही तर कधीच नाही, कारण गुडघा आता जिना चढतानाही कुरकुरत होता.

पण हे विचारायचं होतं गावचा संघ सांभाळणाऱ्या गहिनीनाथला, आणि तिथंच पाय अडखळत होता.

गहिनीनाथ त्याच्याहून सात वर्षांनी मोठा. सोमेश्वरला चढाई शिकवली ती त्यानंच, शेतातल्या नांगरटीत, ढेकळांवरून पळवून पळवून. सोमेश्वर अठरा वर्षांचा असताना जत्रेचा अंतिम सामना परळीच्या संघाशी होता. परळीवाल्यांनी चार दिवस आधी त्याला गाठलं. आमच्याकडून खेळ, पुढच्या महिन्यात पुण्याच्या स्पर्धेला नेतो, तिथं बघणारी माणसं असतात. हा हो म्हणाला. म्हणाला ते म्हणाला, पण गहिनीनाथला सांगायची हिंमत झाली नाही. गहिनीनाथनं त्याला पाहिलं ते थेट मैदानावर, मध्यरेषेच्या पलीकडे, परळीच्या बनियनमध्ये. शेवटच्या चढाईत परळी तीन गुणांनी मागे होती. सोमेश्वर आत शिरला, चार गड्यांनी त्याला घेरलं, आणि तो त्या चौघांना अंगावर घेऊन, अक्षरशः ओढत, मध्यरेषेवर बोटं टेकवून पडला. त्या चौघांतला एक गहिनीनाथ होता. परळी जिंकली, सोमेश्वर पुण्याला गेला, आणि गावानं नियम केला की ज्याच्या ओळखपत्रावर युसूफ वडगावचा पत्ता असेल तोच गावाकडून खेळेल. शहाण्या माणसानं निदान पत्ता तरी बदलू नये, पण यानं पुण्यात खोली घेताना तोही बदलून टाकला होता.

अंतिम सामन्याच्या सकाळी सोमेश्वर मैदानावर गेला. आदल्या दिवशी उपांत्य सामन्यात सूरज नावाच्या गड्याचं बोट मोडलं होतं आणि संघात एक जागा रिकामी होती. गहिनीनाथ पाठमोरा उभा राहून चुन्याच्या फक्कीनं रेषा आखत होता.

"दादा, मला खेळू द्या. एकदा गावाकडून."

गहिनीनाथनं मान वळवली नाही. "आधारवर गाव कंचं हाय तुझं?"

"पुणे."

"मंग? नियम तर तुला म्हाईतच आसंल. तुझ्यापायीच केलेला हाय."

"माहिती आहे, दादा."

"आन कावून खेळायचंय? टीव्हीवर खेळून पोट भरलं न्हाई?"

"टीव्हीवर मी बसलो, दादा. खेळलो कुठं?"

हे मात्र गहिनीनाथला लागलं. त्यानं फक्कीची पाटी खाली ठेवली आणि वळून त्याच्या गुडघ्याकडे पाहिलं. नियम एकट्याला मोडता येत नव्हता, बाहेरच्या पत्त्याचा गडी घ्यायचा तर समोरच्या संघाचीही हरकत नको होती. त्यानं समोरच्या संघाच्या कर्णधाराला, आष्टीच्या अभिमन्यूला बोलावलं. अभिमन्यू ऊसतोडीला जाणारा राकट गडी. ऐकून तो हसलाच.

"लीगचा गडी आमच्याइरुद्ध? खेळू द्या की! हारलो तरी सांगायला हुईल."

असा सोमेश्वर खेळला. छातीवर गावाचं नाव आलं तेव्हा त्यानं ते दोनदा हातानं सरळ केलं. मैदानाभोवती माणसं झाडांवर, ट्रॅक्टरच्या ट्रॉल्यांवर, शाळेच्या भिंतीवर. नीलाबाई दुकान बंद करून बायकांमध्ये येऊन बसल्या होत्या. सतरा वर्षांत पहिल्यांदा त्या लेकाला पडद्याबाहेर खेळताना पाहणार होत्या.

तो चांगला खेळला. बोनस रेषेपलीकडे पाय टाकून गुण आणले, एकदा हाताच्या झटक्यानं एक गडी बाद केला. चूक एकही नाही. पण लोकांना चूक नसलेला खेळ नको होता. "सोम्या, घूस की आत!" ते ओरडत होते. सामना संपायला पाऊण मिनिट राहिलं तेव्हा गाव दोन गुणांनी पुढे होतं, अन् चढाई सोमेश्वरची.

समोर आष्टीचे चार गडी. अभिमन्यू डाव्या कोपऱ्यात, वजन पुढच्या पायावर टाकून उभा. सोमेश्वरला ते पहिल्याच नजरेत दिसलं. त्याच्या आणि शेजारच्या गड्याच्या मधे एक माणूस सहज घुसेल एवढी फट होती. अभिमन्यूलाही ती ठाऊक असावी. तो डोळ्यांनी बोलावत होता, ये. आणि जावं की! पकडलं असतं तरी एक गुण जाणार होता, सामना हातातच होता. सगळं मैदान उभं राहिलं. लोकांनी शिट्ट्या थांबवल्या.

सोमेश्वर निदानरेषेपलीकडे गेला. एक पाय आत टाकला. मग त्याच्या अंगातलं कुणीतरी, जे नऊ हंगाम बाकावर बसून शहाणं झालं होतं, त्याला मागं ओढायला लागलं. तो डावीकडे नाचला, उजवीकडे नाचला. कबड्डी, कबड्डी, कबड्डी, घड्याळासारखा एकाच लयीत. फट मोठी झाली, लहान झाली, बुजली. तिसाव्या सेकंदाला तो सुरक्षित परत आला. आष्टीला उरलेल्या वेळात एकच गुण मिळाला आणि युसूफ वडगाव एका गुणानं जिंकलं.

हलगी वाजली. गुलाल उडाला. सोमेश्वरलाही दोन पोरांनी खांद्यावर घेतलं, पण झाडांवरून उतरणाऱ्या माणसांकडे त्याचं लक्ष होतं. ती आपापसात दुसऱ्याच गोष्टी बोलत होती. अभिमन्यूनं हात मिळवला आणि पडेल आवाजात म्हणाला, "आला न्हाईत तुमी." नीलाबाई जवळ आल्या, पदरानं त्याच्या कपाळावरची माती पुसली. "लागलं न्हाई न्हवं?" त्या म्हणाल्या. "बरं झालं." हे त्या नेहमीच म्हणत, पण आज सोमेश्वरला ते ऐकवेना.

माणसं पांगली तेव्हा गहिनीनाथ मैदानाच्या कडेला एकटा बसला होता. सोमेश्वर जाऊन शेजारी बसला.

"सतरा वर्सं तुझा राग धरला म्या," गहिनीनाथ म्हणाला. "खोटं न्हाई सांगत, तुझं नाव निघालं की उठून जायचो. पर घरी पोरं इचारायची, आबा, लई भारी चढाई कुणाची बघितली? तवा तुझीच सांगायचो. चौघांना वढत नेलं, त्यातला एक मी, आसं सांगायचो. हारल्याचं सांगताना बी छाती फुगायची बघ. आज तू जितून दिलंस. आता हे मी पोरांना काय सांगू? फट दिसली न्हाई का तुला?"

"दिसली."

"मंग?"

सोमेश्वरनं दोन्ही हातांनी गुडघा दाबून धरला. खोटं बोलावं असं क्षणभर वाटलं, गुडघ्यावर ढकलून मोकळं व्हावं. पण या माणसाशी एकदा न बोलून काय झालं ते त्यानं भोगलं होतं.

"भीती वाटली, दादा."

"कशाची? पकडलं जायची?"

"नाही. पकडला गेलो तर पुन्हा बाहेर बसवतील, याची."

गहिनीनाथनं त्याच्या पाठीवर हात ठेवला, शिकवताना ठेवायचा तसाच जड.

"आरं, हितं तुला कोण बसवणार हुतं बे?"