दुसऱ्या घराची चावी

बँकेचा मेसेज आला तेव्हा सरफराज वेल्ह्यात, तोरण्याच्या पायथ्याला, एका फार्महाऊसच्या खिडकीत चढून उभा होता. एका हातात काच चिकटवायची सिलिकॉनची गन, दुसऱ्या हातानं काच दाबून धरलेली. शर्टाच्या खिशात मोबाईल थरथरला तसं त्यानं फार्महाऊसचा राखणदार कोंडिबाला हाक मारली.

"मामा, मोबाईल काढून वाचा की जरा."

कोंडिबाजवळ चष्मा नव्हता. त्यानं मोबाईल हातभर लांब धरला. "गृहकर्ज मंजूर, असं कायतरी लिवलंय. पुढं अठरा. अठरावर लई शून्यं हायत."

सिलिकॉन ओलं होतं, काच सोडता येत नव्हती. नाचल्याशिवाय तर राहवत नव्हतं. मग सरफराज हात काचेवर तसाच दाबून ठेवून नुसत्या गुडघ्यांनी नाचला. कोंडिबा खालून म्हणाला, "सावकास, पडशीला." आणि तोही हसायला लागला.

भोरमध्ये सरफराजचं सरकत्या खिडक्यांचं दुकान होतं. त्याची बायको निलोफर तिथल्याच एका लॅबमध्ये रक्त तपासायची. लग्नाला चार वर्षं झाली होती. ती दोघं आणि सरफराजची आई बानो असे तिघं भाड्याच्या दोन खोल्यांत राहत होते. तिथल्या एकुलत्या एक खिडकीसमोर शेजारच्यांची पाण्याची टाकी होती. गावभर खिडक्या बसवणाऱ्या माणसाच्या घरात उजेड नाही, हे निलोफर त्याला आठवड्यातून एकदा तरी ऐकवायची.

त्याचा फोन आला तेव्हा ती एका म्हातारीच्या दंडाला रबर बांधत होती. ऐकलं आणि तिला हसू आवरेना.

"माजा रिपोट चांगला आला का गं?" म्हातारीनं विचारलं.

"तुमचा यायचाय अजून, मावशी. माझा आलाय."

सरफराजनं येताना नसरापूरला पेढे घेतले. कापूरहोळला वळेपर्यंत त्यातले निम्मे संपले होते. डिझेल भरणारा, चहावाला, ओव्हरटेक करू देणारा एक अनोळखी टेम्पोवाला, सगळ्यांना पेढे मिळाले.

संध्याकाळी तिघंही फ्लॅट बघायला गेले. तसा तो चार वेळा बघून झाला होता. भोरच्या कडेला नवीन इमारत, तिसरा मजला, दोन बेडरूम, नदीच्या बाजूला गॅलरी. किंमत चोवीस लाख. सहा लाख दोघांनी साठवले होते, रजिस्ट्रीसाठी भिशी लागली होती, आणि अठरा लाख बँक देणार होती. बिल्डरचा माणूस सोमनाथ चावी घेऊन आला. निलोफर रिकाम्या खोल्यांतून पळत सुटली. इथं कपाट, इथं शिलाई मशीन. गॅलरीत तिनं एक झोपाळा टांगला, हवेतच, आणि त्यावर बसल्यासारखं करून सरफराजला ढकलायला सांगितलं. त्यानं ढकललं. सोमनाथ मोबाईलमध्ये बघत राहिला.

"अम्मी, ही तुमची खोली," सरफराज आतल्या बेडरूमचं दार उघडून म्हणाला.

बानो दारात उभी राहिली, आत डोकावली. "चांगली हाय," एवढंच म्हणाली.

दुसऱ्या दिवशी सह्या करायला नवराबायको बँकेत गेले. कर्जाचं काम बघणाऱ्या सुलक्षणा मॅडम शांत बाई होत्या. त्यांनी कागदांचा गठ्ठा पुढं सरकवला आणि कुठं कुठं सही करायची तिथं पेन्सिलीनं फुल्या करून दिल्या. हप्ता सोळा हजार दोनशे, वीस वर्षं. हे दोघांना पाठ होतं. महिन्याला सोळा जमतात का, याचा हिशेब त्यांनी शंभर वेळा केला होता, आणि ते जमत होतं.

पेनाचं टोपण काढता काढता निलोफरनं विचारलं, "मॅडम, सगळे मिळून किती भरायचे?"

"एकूण?"

"व्हय. शेवटपर्यंत."

सुलक्षणा मॅडमनी स्क्रीन त्यांच्याकडं वळवली. आकडा होता अडतीस लाख सत्त्याऐंशी हजार.

सरफराज पुढं वाकला. "हे दुसऱ्या कुणाचं असंल."

"तुमचंच आहे. अठरा लाख मुद्दल, बाकीचं व्याज."

"म्हंजे अठरा घ्यायचे, आन् अठरा दुणे छत्तीस, वर तीनेक लाख भरायचे?"

"जवळजवळ."

सरफराजनं थोडा विचार केला. "मग दुसरं घर कुठाय, मॅडम? त्याची पण चावी द्या की."

तो हे अगदी मनापासून म्हणाला होता. निलोफरला मात्र हसू फुटलं. आधी नाकातून, मग ओढणी तोंडावर धरून, मग टेबलावर डोकं टेकून. सरफराजनं तिच्या पाठीवर हात ठेवला आणि त्याला स्वतःलाच आवरेना. सुलक्षणा मॅडम गंभीर चेहऱ्यानं म्हणाल्या, "अहो, बाहेर लोक आहेत." आणि हे म्हणतानाच त्यांचाही ओठ हलला. केबिनच्या काचेला नाक लावून शिपाई आत बघू लागला.

हसू ओसरल्यावर निलोफरनं डोळे पुसले. आता तिला खरंच जाणून घ्यायचं होतं. "पण असं होतं कसं? दर महिन्याला तर फेडणार ना आपण?"

"फेडता. पण व्याज उरलेल्या रकमेवर लागतं," मॅडम म्हणाल्या. "पहिल्या महिन्यात अठरा लाख उरलेले असतात, त्यामुळं सोळा हजार दोनशेतले साडेतेरा हजार व्याजातच जातात. मुद्दल फिटतं सत्तावीसशे. पुढच्या महिन्यात जरासं जास्त. असं हळूहळू."

"आन् पाच वर्षांनी?"

मॅडमनी बघितलं. "पावणेदहा लाख भरून झालेले असतील. कर्ज उरेल सोळा लाखांच्या जवळपास."

यावर कुणी हसलं नाही. पाच वर्षं उन्हातान्हात शिडीवर चढून अठराचे सोळा. सरफराजनं पेनाला टोपण लावलं.

"व्याजाचा दर वाढला तर?" त्यानं विचारलं.

"तर बहुतेक वेळा हप्ता तोच राहतो आणि वर्षं वाढतात. लोकांच्या ते लक्षातही येत नाही." मग मॅडम म्हणाल्या, "एक गंमत दाखवू?"

त्यांनी स्क्रीनवर एक पट्टी आणली. ती सरकवली की वर्षं कमीजास्त व्हायची आणि खालचा आकडा बदलायचा. त्यांनी वीसची पंधरा केली. एकूण रक्कम साडेपाच-सहा लाखांनी धाडकन खाली आली. हप्ता दोन हजारांनी वर गेला.

"अजून," निलोफर म्हणाली.

दहा वर्षं केली. एकूण सव्वासत्तावीस लाखांच्या आसपास, पण हप्ता तेवीस हजारांना टेकला. सरफराजनं मान हलवली. "येवढं न्हाई झेपणार. मागं घ्या."

मग लिलावासारखं सुरू झालं. निलोफर बोली लावायची, मॅडम पट्टी ओढायच्या, सरफराज झेपतंय की नाही ते सांगायचा. बारा केली, चौदा केली, परत अकरा. बाहेर चेक भरायला आलेले एक गृहस्थ केबिनच्या दारात येऊन उभे राहिले आणि न विचारता म्हणाले, "तेरा बसवा."

"मॅडम," निलोफर एकदम म्हणाली, "कर्जच कमी घेतलं तर? त्याच इमारतीत एक बेडरूमचा फ्लॅट सतरा लाखाला हाय. आमचे सहा गेले की अकरा. आन् हप्ता मात्र तोच. सोळा दोनशे."

मॅडमनी अकरा लाख टाकले, हप्ता टाकला. वर्षांचा आकडा फिरला आणि थांबला. आठ.

तिघंही स्क्रीनकडं वाकले.

"आठ म्हंजे आठच?" सरफराजनं विचारलं.

"आठच. एकूण साडेपंधरा लाखांच्या आत."

"आन् वीसमधली बाकीची बारा?"

"ती तुमची," मॅडम म्हणाल्या. "सही आजच करायला पाहिजे असं नाही. घरी बोला."

पण घरी जायच्या आधी दोघं टेम्पोतून थेट इमारतीकडं निघाले. टेम्पोत निलोफर नुसती बडबडत होती. आठ वर्षांनी ती छत्तीसची असेल. तेव्हा हप्त्याचे सोळा हजार दर महिन्याला आपल्याच हातात. एक महिना कोकणात जाऊ. एक महिना नुसते आंबे खाऊ. स्वतःची लॅब काढू. सरफराज म्हणाला, "आन् एक महिना काहीच न करता सोळा हजार टेबलावर ठेवून बघत बसू." ती इतकी हसली की त्यानं टेम्पो बाजूला घेऊन थांबवला. रस्त्यानं शेळ्या घेऊन चाललेल्या बाईनं वाकून आत बघितलं, सगळं ठीक आहे ना म्हणून.

सोमनाथ म्हणाला, छोट्या फ्लॅटपैकी एकच उरलाय. पहिला मजला, रस्त्याच्या बाजूचा, खाली पिठाची गिरणी येणार, त्यामुळं कुणी घेत नाही. गॅलरी नाही. स्वयंपाकघरात दोन माणसं एकमेकांना पाठ लावूनच उभी राहतील. सव्वाचारशे चौरस फूट. पण हॉलला भिंतभर मोकळी जागा होती आणि बिल्डरनं तिथं अगदीच फालतू, बारकी खिडकी लावली होती. सरफराजनं टेप काढला.

"हितं आठ फुटाची बसते," तो म्हणाला. त्याचा आवाज बदलला होता. "आठ बाय पाच. चार सरकत्या काचा."

"बसव की मग," निलोफर म्हणाली. नेहमी 'तुमी' म्हणणारी ती घाईत एकेरीवर आली, आणि दोघांनाही ते पायऱ्या उतरून गेल्यावर कळलं.

खाली टेम्पोजवळ आल्यावर मात्र सरफराज दार उघडता उघडता थांबला. दुसरी बेडरूम अम्मीसाठी होती. तिनं आयुष्यभर दुसऱ्यांच्या पडवीत, माळ्यावर, स्वयंपाकघरात अंथरूण टाकलं होतं. नवरा गेल्यावर शिवणकाम करून सरफराजला वाढवलं होतं. तिला तिची खोली द्यायची, हे त्यानं लग्नाआधीच ठरवलं होतं.

"मी न्हाई सांगू शकत," तो म्हणाला.

"मी सांगते," निलोफर म्हणाली.

बानो भाकरी थापत होती. निलोफरनं सगळं सांगितलं. अडतीस लाख सांगितले, दुसऱ्या घराची चावी सांगितली, आठ वर्षं सांगितली. शेवटी गिरणी आणि एकच बेडरूम सांगितली आणि खाली बघत थांबली. बानोनं भाकरी तव्यावर टाकली, वरून पाणी फिरवलं, उलटली. तिला घाई नव्हती.

"मी हॉलात झोपायचं?"

"व्हय, अम्मी. दिवाण करून घेऊ. पण तुमाला नको असलं तर..."

"रस्त्याकडं तोंड हाय हॉलाचं?"

"हाय," सरफराज म्हणाला. "मोठी खिडकी बसवीन."

"खाली गिरणी, म्हंजे बायका येणार दळण घेऊन." बानोनं भाकरी शेकायला कडेला लावली. "काल ती आतली खोली दाखवलीत ना मला, तवा रातभर डोळा लागला न्हाई. म्हटलं, आता ह्ये लोक मला दार लावून आत ठेवणार. टीव्ही भाईर, माणसं भाईर, आन् म्या आपली नदीकडं बघत. त्या नदीत काय बघायचं?"

सरफराजनं विचारलं, "मग काल बोलला का न्हाईत?"

"तू येवढा खूश होतास. तुज्यासाठी चांगली हाय म्हटलं."

"आन् मी तुमच्यासाठी घेत होतो."

"मला विचारलंस का कधी?"

"न्हाई," तो म्हणाला.

निलोफर तिथंच पिठाच्या परातीशेजारी बसली. सात लाखांची खोली, व्याजासकट पंधरा लाखांची, आणि ती कुणालाच नको होती. हे तिनं मोठ्यानं म्हणून दाखवलं तेव्हा बानोला पहिल्यांदा हसू आलं. बानोचं हसणं आवाज न करणारं होतं, नुसते खांदे हलायचे. खांदे हलत राहिले आणि कडेची भाकरी करपली.

पुढच्या आठवड्यात सह्या झाल्या. अकरा लाखांच्या. सुलक्षणा मॅडमनी सांगून ठेवलं की मध्ये कधी हातात जादा पैसे आले तर तेही भरा, त्याला दंड नाही, वर्षं अजून कमी होतील. सरफराजनं आठ फुटी खिडकी स्वतःच्या हातांनी बसवली. बिल्डरची बारकी खिडकी त्यानं न्हाणीघराला लावली. सामान टेम्पोच्या तीन खेपांत आलं, आणि तिसऱ्या खेपेला बानो दिवाणावर बसूनच आली.

पहिला हप्ता गेला त्या संध्याकाळी निलोफरनं मोबाईलवर बँकेचा हिशेब उघडला. व्याज सव्वाआठ हजार. मुद्दल आठ हजारांना थोडं कमी.

"म्हंजे आठ हजारांचं घर आपलं झालं," सरफराज म्हणाला. "चार हजाराला एक फूट पडलाय. दोन चौरस फूट."

"कुठले दोन?"

यावर चर्चा झाली. हॉल तर साठवलेल्या सहा लाखांत आधीच आपला झाला होता, असं ठरलं. तेव्हा नवीन दोन फूट स्वयंपाकघराच्या दारातून सुरू व्हायला हवेत. सरफराजनं टेप लावला आणि काचेवर खुणा करायच्या पेन्सिलीनं फरशीवर एक चौकोन आखला. परातीपेक्षा जरासा लहानच.

निलोफर त्यात उभी राहिली. मग तिनं सरफराजचा हात धरून त्याला ओढलं. चार पावलं दाटीवाटीनं बसली.

"अम्मी, तुमीपण या."

"मी कुठं मावणार त्यात?" बानो खिडकीतून मान वळवून म्हणाली. खाली नव्या गिरणीत कुणीतरी दळण घेऊन आलं होतं आणि त्यांचं बोलणं अर्ध्यावर होतं. तरी ती उठली. सुनेच्या पायावर एक पाय, मुलाच्या पायावर एक पाय, अशी ती चौकोनात चढली आणि पडू नये म्हणून तिनं दोघांचे गळे धरले. तिघंही डुलत होते.

"बँकेच्या बाजूला पाय टाकू नका," सरफराज म्हणाला, आणि त्याच क्षणी तिघांचाही तोल बँकेच्या बाजूला गेला.